सापळ्यातला तो तपकिरी पतंग गुलाबी बोंडअळीचाच आहे का, आणि दरवर्षी येतो कुठून?

प्रश्न थोडक्यात असा आहे: हिंगणघाटकडे सहा एकर कपाशी, जूनच्या दुसऱ्या आठवड्यातली लागवड, बियाणं बीटीचंच (अळीला मारणारं विष झाडातच तयार व्हावं म्हणून जिवाणूचं जनुक घातलेलं). कामगंध सापळ्यात रोज दहा-बारा बारीक तपकिरी पतंग पडतायत, दोन फवारण्या झाल्या, तरी हिरवं बोंड फोडलं की आत अळी सापडते. तर हा पतंग त्याच अळीचा का, तो किती दिवस जगतो, बीटी असताना दरवर्षी येतो कुठून, आणि पतंग मारायला कोणतं औषध घेऊ.

भाऊ, शेवटचा प्रश्न आधी घेतो, कारण खरी अडचण तिथंच आहे. तुम्ही पतंग बघून फवारताय. पतंग कपाशीचं काही खात नाही, तो जमलं तर फुलातला रस पितो आणि बाकी सगळी धडपड जोडीदार शोधून अंडी घालण्याची. दिवसा तो जमिनीच्या भेगेत नाहीतर झाडाखालच्या पाल्यात दडून असतो आणि तुमचा पंप चालतो सकाळी नऊला. औषध अंगावर पडलं तर मरेल, पण पडतच नाही. नुकसान करते ती अळी, आणि ती अंड्यातून निघाल्यापासून बोंडात शिरेपर्यंत उघड्यावर असते जेमतेम तास-दोन तास, एकदा आत गेली की वरून काहीही मारा, तिला पोचत नाही. म्हणून कोणतं औषध हा प्रश्न दुसरा आहे, कोणत्या दिवशी हा पहिला, आणि दिवस कळायचा असेल तर या कीटकाचं आयुष्य दिवसागणिक माहीत पाहिजे. मी गेली एकोणीस वर्षं वर्धा-यवतमाळच्या पट्ट्यात कपाशीची पाहणी करतोय आणि जिथं जिथं हाताबाहेर गेलं तिथं बहुतेक वेळा औषध बरोबर होतं, दिवस चुकला होता.

आता ओळख. सापळ्याची पिशवी सोडा आणि पतंग पांढऱ्या कागदावर ओता, वहीचं पान चालेल. गुलाबी बोंडअळीचा पतंग पंख मिटून बसला की गव्हाच्या दाण्यापेक्षा जरासा लांब आणि तसाच निमुळता दिसतो, आठ-नऊ मिलिमीटर. पंख पसरले तर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत १५ ते २० मिलिमीटर. पुढचे पंख मातकट तपकिरी, त्यावर काळपट डाग आणि आडवे अस्पष्ट पट्टे, कुणी काढल्यासारखे नीट नाहीत, पुसट, वाकडेतिकडे. मागचे पंख चांदीसारखे राखाडी आणि त्यांच्या काठाला लांब केसांची झालर, ही झालर बघायला विसरू नका, साध्या भिंगातूनही दिसते. डोक्यासमोर वर वळलेली दोन शिंगं असल्यासारखी वाटतात, ती शिंगं नाहीत, तोंडाचे अवयव आहेत. सापळ्यात दोन दिवस फडफडलेल्या पतंगाचे खवले झडून जातात आणि तो नुसता भुरा दिसतो, त्यामुळे ओळखायला सकाळी सकाळी रात्रीचा ताजा पतंग घ्या. बोटाने धरला तर बोटाला तपकिरी भुकटी लागते.

ठिपक्यांच्या बोंडअळीचा पतंग याच्याहून मोठा आणि पुढच्या पंखावर स्पष्ट हिरवा रंग असतो, तिथं घोळ होत नाही. अमेरिकन बोंडअळीचा तर चांगला जाडजूड, दुप्पट मोठा. घोळ होतो तो घराण्यातल्या भावंडांशी. टोमॅटोची टुटा, बटाट्यावरची पाकोळी, साठवलेल्या धान्यातला पिवळसर पतंग, हे सगळे याच्याच कुळातले, सगळे बारीक आणि भुरे, दिव्यावर आले तर माझीही एका नजरेत खात्री पटत नाही. पण सापळ्याचं बरं आहे, ल्युरमध्ये, म्हणजे सापळ्यात लावायच्या गंधाच्या गोळीत, फक्त गुलाबीच्या मादीचा गंध असतो, त्यामुळे तिथं जमा होतात ते जवळपास सगळे तिचेच नर. अट एवढीच की ल्युर तीच असली पाहिजे. एका गावात सापळे महिनाभर रिकामे म्हणून सगळे निश्चिंत होते, मी जाऊन बघितलं तर दुकानातून आलेली ल्युर अमेरिकन बोंडअळीची, आणि बोंडं फोडली तर वीसातली सात किडलेली. तेव्हा पाकिटावरचं नाव वाचा, गुलाबीसाठी 'गॉसीप्ल्युर' किंवा पेक्टिनोफोरा लिहिलेलं असतं (किड्याचं शास्त्रीय नाव पेक्टिनोफोरा गॉसिपिएला). दोन किडींच्या ल्युर एकाच हाताने हाताळू नका, गंध लागतो.

तुम्ही सांगितलेलं वर्णन, कपाशीचं वावर आणि आत सापडलेली अळी, हे तिन्ही जुळतंय, म्हणजे पतंग तोच आहे असं धरून पुढे जाऊ. एक लक्षात असू द्या, सापळ्यात येतात ते फक्त नर. माद्या गंधाला येत नाहीत, त्या वावरात मोकळ्या आहेत आणि अंडी त्या घालतायत. सापळा म्हणजे दारावरची घंटा समजा, घंटा वाजली म्हणजे कुणीतरी आलंय.

आता दिवस मोजू. मादी कोषातून बाहेर पडली की दोन-तीन रात्रींत जुगते आणि अंडी घालायला लागते, एक मादी साधारण शंभर ते दोनशे, जास्तीची पण नोंद आहे. एकेक किंवा चार-पाचच्या पुंजक्यात. हंगामाच्या सुरुवातीला पात्यांजवळ (फुलाच्या कळ्यांजवळ), कोवळ्या शेंड्यावर, आणि एकदा बोंडं धरली की बोंडाच्या बुडाशी, बाहेरून जी तीन हिरवी पानं बिलगलेली असतात त्यांच्या आड. अंडं अर्ध्या मिलिमीटरचं, खसखशीहून लहान, चपटं लांबट, मोत्यासारखं पांढरं आणि अंगावर उभ्या बारीक रेघा. उबायला आलं की नारिंगी होतं. मी आठवडाभर रोज बघूनसुद्धा शेतात उघड्या डोळ्यांनी अंडी शोधायला कधी सरावलो नाही, ती पानांच्या लवेत हरवतात, त्यामुळे शेतकऱ्यांना अंडी शोधा असं मी सांगतच नाही. चार-पाच दिवसांत अंडं फुटतं.

निघालेली अळी सुतासारखी, मिलिमीटरभर, पांढरी आणि डोकं काळपट तपकिरी. इथं पुष्कळ जण चुकतात. गुलाबी नाही म्हणून ती नाही असं समजतात. ही अळी चार अवस्थांतून वाढते आणि गुलाबी रंग येतो तो शेवटच्या अवस्थेत, अंगावर आडवे गुलाबी पट्टे उमटतात. तोपर्यंत पांढरीच. गरम दिवसांत दहा ते चौदा दिवसांत ती पूर्ण वाढते, साधारण दहा-बारा मिलिमीटर होते. थंडी लागली की हेच लांबतं.

पाते आणि फुलाच्या वेळी ती फुलात असते आणि पाकळ्यांची टोकं रेशमाच्या धाग्याने आतून शिवून टाकते, फूल उमलतच नाही, गुलाबाच्या बंद कळीसारखं पिळून राहतं. तीच आपली डोमकळी. तोडून उकलली की आत पिवळे परागकण खात बसलेली अळी मिळते. ऑगस्टमध्ये डोमकळ्या वेचून नष्ट केल्या तर पुढची एक पिढी तिथंच कमी होते, आणि या किडीचं नुकसान सुरुवातीला बाहेरून दिसतं असं हे एकच ठिकाण.

बोंडात मात्र बाहेरून काही म्हणजे काही दिसत नाही. शिरताना पाडलेलं भोक इतकं बारीक की बोंड वाढता वाढता बुजून जातं. तळहातावर ठेवलं तर हिरवंगार, टणक, कुठं डाग नाही. फोडा, आणि आधी कापसाकडे बघू नका, सालीची आतली बाजू बघा. तिथं बारीक मशासारखा उंचवटा दिसेल, कधी त्याला लागून नागमोडी रेघ. अळी जिथून आत आली तिथं सालीनं धरलेली ती खूण. मग आतली पाकळी उघडा, रुई पिवळी पडलेली, सरकीला भोक आणि सरकीच्या आत अळी. तिला सरकीच पाहिजे असते, कापूस ती खात नाही, वाटेत फक्त नासवते. बोंड फुटतं ते अर्धवट, कवडी होते, म्हणजे कापूस न फुलता कडक चिकटून राहतो, वेचणाऱ्या बाईच्या हाताला ती टोचते आणि बाजारात भाव पडतो.

वाढ पूर्ण झाली की अळी सालीला मोहरीच्या दाण्याएवढं गोल भोक पाडून बाहेर पडते. हे भोक बघून फवारणारे खूप आहेत, आणि तेव्हा बोंडात कुणीच नसतं. ती खाली जाऊन पाल्यात किंवा मातीच्या वरच्या थरात कोष करते, सात ते दहा दिवसांत पतंग. पतंग एक-दोन आठवडे जगतो. म्हणजे अंड्यापासून पुढच्या अंड्यापर्यंत आपल्याकडच्या सप्टेंबर-ऑक्टोबरात चार ते पाच आठवडे, आणि एका हंगामात चार-पाच पिढ्या सहज. जुलै-ऑगस्टच्या डोमकळीत मूठभर, सप्टेंबरात वाढलेली, ऑक्टोबर-नोव्हेंबरात सगळीकडे, असा हा चढ दरवर्षी दिसतो तो यामुळेच.

मग येते कुठून? बाहेरून कुठून येत नाही भाऊ, बहुतेक वेळा आपल्याच आवारात असते. दिवस लहान झाले, रात्री गार झाल्या की शेवटच्या अवस्थेतल्या काही अळ्या कोष करत नाहीत, झोपी जातात. न उमललेल्या बोंडात, गोठ्यामागं रचलेल्या पऱ्हाटीत (कपाशीच्या वाळलेल्या झाडांत), साठवलेल्या कापसात आणि सरकीत. दोन सरक्या धाग्याने एकमेकींना चिकटवून मधल्या पोकळीत ती पडून राहते. एकदा मार्चमध्ये आमच्याच घरी गादीसाठी कापूस पिंजायला काढला होता, आई हाताने सरकी काढत होती, आणि एक जोडसरकी तिच्या बोटाला लागली. नखाने उकलली तर आत वळून बसलेली गुलाबी अळी. आम्हाला वाटलं मेलेली. हातावर घेतली, जरा ऊब लागली आणि तिनं डोकं वर केलं. डिसेंबरातली वेचणी होती ती, म्हणजे तीन-साडेतीन महिने बिना खाण्यापिण्याची. नोंदी तर अशा आहेत की या अवस्थेत ती दोन वर्षांहून जास्त काढू शकते. पाऊस पडला, हवेत दमटपणा आला की ती कोष करते आणि पतंग बाहेर.

जगभर पसरली ती पण अशीच, सरकीतून. शास्त्रज्ञांनी हिचं पहिलं वर्णन केलं ते १८४० च्या दशकात आपल्याच भडोचकडच्या कापसावरून, सॉन्डर्स नावाच्या इंग्रज कीटकतज्ज्ञाने. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हिंदुस्थानातून गेलेल्या सरकीबरोबर इजिप्तला पोचली, तिथून बियाण्यातून १९११ च्या सुमारास मेक्सिको, आणि १९१७ ला अमेरिकेतलं टेक्सास. पतंग स्वतः उडून समुद्र ओलांडत नाही, झोपलेली अळी माणसाने पोत्यात भरून नेली. आज कापूस पिकवणाऱ्या जवळजवळ प्रत्येक देशात ती आहे किंवा होती. होती असं मुद्दाम लिहिलं, कारण २०१८ मध्ये अमेरिकेने आपल्या कापूस पट्ट्यातून ती संपल्याचं जाहीर केलं. बीटी कापूस, कामगंध, प्रयोगशाळेत वाढवून वांझ केलेले अब्जावधी पतंग विमानातून सोडणं, आणि हंगाम संपला की ठरलेल्या तारखेला पऱ्हाटी मोडून जमिनीत गाडणं, हे सगळं एकत्र आणि सगळ्या शेतांत एकाच वेळी केलं. सलग कित्येक वर्षं.

आपल्याकडे बीटी २००२ ला आलं, दोन जनुकांचं २००६ ला. सुरुवातीला गुलाबी अळी इतकी कमी झाली की नवीन पोरांनी ती बघितलेलीच नव्हती. मग गुजरातमध्ये आधी एका जनुकाला, पुढे दोन्हींना तिनं दाद देणं सोडलं आणि २०१७ ला विदर्भ-मराठवाड्यात बीटी कपाशीचंच तिनं किती नुकसान केलं ते तुम्ही अनुभवलंय. का झालं? ही अळी जवळजवळ कपाशीवरच जगते, भेंडी-अंबाडीवर थोडीफार, त्यामुळे तिच्या प्रत्येक पिढीला बीटीच खावं लागलं आणि पचवू शकणाऱ्याच उरल्या. ४५० ग्रॅमच्या पिशवीसोबत १२० ग्रॅमचं नॉन-बीटीचं पाकीट यायचं ते बांधावर लावायचं होतं, म्हणजे साध्या अळ्या शिल्लक राहून त्यांच्याशी संकर झाला असता, ते पाकीट बहुतेकांनी फेकून दिलं. त्यात आपलं बियाणं संकरित, त्यामुळे एकाच बोंडातल्या सगळ्या सरक्यांत विष सारखं नसतं, कमी विषाची सरकी खाऊन अळी तग धरते. आणि फरदड. जानेवारी-फेब्रुवारीपर्यंत ओलिताची कपाशी उभी ठेवली की अळीला आयतं खाणं मिळत राहतं. बीटीमुळे हिरव्या म्हणजे अमेरिकन बोंडअळीचा त्रास अजून कमी आहे, पण गुलाबीसाठी वावर बीटी आहे की नाही याने आता फारसा फरक पडत नाही.

इथपर्यंतचं एका दमात सांगायचं तर: पतंग तोच, सापळ्यात दिसतात फक्त नर, अंड्याला चार-पाच दिवस, बोंडाबाहेर अळी तासाभराची, आत दोन आठवडे, कोष आठवडाभर, आणि हिवाळ्यात झोप तुमच्याच पऱ्हाटीत.

आता तुम्ही काय करायचं, हे थोडं तुमच्या परिस्थितीवर आहे. कोरडवाहू असेल, हलकी जमीन असेल तर पीक नोव्हेंबरात आटोपेल आणि फार फवारण्या परवडणार नाहीत. ओलित असेल तर मोह होतो लांबवायचा, तिथं सांभाळा. शेजारच्याने मे महिन्यात धूळपेरणी (पावसाआधी कोरड्या मातीत पेरणी) किंवा ओलितावर लवकर लागवड केली असेल तर तुमच्याकडे पहिली पिढी त्याच्याकडून आलीय, कारण जूनमध्ये निघालेल्या पतंगांना तेव्हा फक्त त्याच्याकडे पाते मिळालं. पाते नसताना निघालेले पतंग अंडी घालून पण वाया जातात, म्हणून एक जूनच्या आधी कपाशी लावू नका असं सारखं सांगितलं जातं, आणि ते पूर्ण गावाने केलं तरच उपयोग. जिनिंग (कापसातून सरकी वेगळी करणारा कारखाना) जवळ आहे का तेही बघा, जिनिंगच्या भिंतीलगतच्या वावरात मला दरवर्षी सापळे आधी भरलेले दिसतात.

सापळे एकरी दोन, पिकाच्या वर फूटभर, पीक वाढलं की वर सरकवायचे, ल्युर पाकिटावरच्या मुदतीत बदलायची. सलग तीन रात्री सापळ्यामागे आठ किंवा जास्त पतंग म्हणजे सावध होण्याची पातळी, तुमचे दहा-बारा म्हणजे ती ओलांडलीय. पण नुसत्या या आकड्यावर मी पंप काढायला सांगत नाही. वावरात तिरपे चालत जा, वीस झाडांवरून एकेक पंधरा-वीस दिवसांचं हिरवं बोंड तोडा, कोवळं नको आणि पिकलेलं नको, आणि फोडा. दोन किंवा जास्त बोंडांत जिवंत अळी असेल तर फवारणी लागते. औषधाचं नाव इथं लिहीत नाही, तुमच्या कृषी विज्ञान केंद्रात किंवा नागपूरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेच्या चालू सल्ल्यात विचारा, कारण आधीच्या दोन फवारण्यांत तुम्ही काय मारलं ते कळल्याशिवाय तिसरं सांगणं बरोबर नाही, त्याच गटातलं पुन्हा मारायचं नसतं. दुकानदाराने दोन-तीन औषधं एकत्र करून दिली तर घेऊ नका. २०१७ ला यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन शेतकरी आणि मजूर गेले, त्यातल्या काही गावांत मी नंतर गेलोय, त्या घरांच्या ओसरीवर बसलोय. हातमोजे, तोंडाला मास्क, अंगभर कपडे, वाऱ्याच्या दिशेने, आणि डोक्याएवढ्या वाढलेल्या कपाशीत शिरून वरच्या बाजूला फवारायचं नाही, मजूर लावला असेल तर त्यालाही हे सगळं तुम्हीच द्यायचं.

तर उद्या सकाळी वीस बोंडं फोडा आणि मला नुसतं 'अळी आहे' असं कळवू नका. किती बोंडांत जिवंत अळी, त्यातल्या पांढऱ्या किती आणि गुलाबी किती, आणि बाहेर पडायचं गोल भोक असलेली बोंडं किती, हे चार आकडे लिहा. पांढऱ्या जास्त असतील तर अंडी आत्ता फुटतायत आणि येणारे पाच-सहा दिवस महत्त्वाचे आहेत. गुलाबी जास्त असतील तर या पिढीवर औषध वाया घालवू नका, त्या दोन-चार दिवसांत खाली उतरतील, आठ-दहा दिवस कोष, दोन-तीन रात्री जुगायला, चार-पाच दिवस अंड्याला, म्हणजे पुढची उघडी वेळ साधारण अठरा ते वीस दिवसांनी येईल, तोपर्यंत किडकी गळालेली बोंडं वेचून घ्या आणि सापळ्याचा आकडा रोज वहीत लिहीत जा. आणि ती गोठ्यामागची गेल्या वर्षीची पऱ्हाटी अजून असेल तर ती आधी उचला, चुलीत जाऊ द्या नाहीतर यंत्राने बारीक करून खतात, पण वावराच्या धुऱ्यावर रचू नका.